कोरडी काच

सापघरात चहाचा एक कायदा होता, आणि तो कुणी लिहून ठेवला नव्हता म्हणूनच बहुधा सगळे तो पाळत. सकाळचं काम आटोपलं की तिघांनी आपापल्या काचा खिडकीपाशी उजेडात धरायच्या. काच म्हणजे कपाळावरच्या पट्ट्याला अडकवलेली, हनुवटीच्या खालपर्यंत येणारी पारदर्शक ढाल. तिच्यावर सुकून पिवळट झालेले ठिपके मोजायचे. ज्याच्या काचेवर सर्वांत जास्त, त्याने सगळ्यांसाठी चहा करायचा.

ठिपके विषाचे असत. साधा नाग निदान अंगावर येऊन चावण्याचे कष्ट घेतो. थुंकणारा नाग तेवढेही घेत नाही. तो उभा राहतो, फणा काढतो, समोरच्या तोंडाकडे बघत बसतो, आणि ते तोंड जरा हललं की दातांतून विषाच्या दोन बारीक धारा थेट डोळ्यांवर सोडतो. चार-पाच फुटांवरून नेम सहसा चुकत नाही. चावलेल्या माणसासाठी औषध आहे. त्या औषधासाठी लागणारं विष काढायलाच तर हे सापघर बांधलं होतं. डोळ्यात गेलेल्या विषासाठी मात्र भिंतीवरचा एक नळ होता आणि ज्याचं त्याचं नशीब.

तीस वर्षांत या कायद्यापायी सर्वांत जास्त चहा ज्याने केला, तो माणूस म्हणजे उस्ताद. सापघरात तो फरशी पुसायला म्हणून लागला आणि पुसता पुसता साप उचलायची आकडी हातात घेऊन सापांचा मालक झाला. गल्लीत त्याला सापवाले म्हणत, बायको ‘अहो’ म्हणे, आणि सापघरात डॉक्टरीणबाईंपासून झाडूवालीपर्यंत सगळे उस्ताद म्हणत. त्याची लेक तीन वर्षांपूर्वी तिथेच कामाला लागली, तेव्हा त्याने पहिल्याच दिवशी बजावलं होतं, “या दाराच्या आत मी तुझा बाप नाही. आत बाबा म्हणालीस तर घरी पाठवीन.” लेकही वस्ताद. ती आत उस्ताद म्हणायची आणि घरी आल्यावर दिवसभराचे साठवलेले बाबा एकदम वापरायची.

सापघर म्हणजे एक लांबट, ऊबदार खोली. दोन्ही बाजूंना कमरेएवढ्या उंचीवर पेट्यांच्या रांगा. लेकीच्या रांगेत मण्यार आणि घोणस, उस्तादच्या रांगेत सहा थुंकणारे नाग. रोज सकाळी एकेका पेटीचं झाकण वर करायचं, झाकणाच्या आतल्या बाजूला लावलेलं कार्ड मोठ्याने वाचायचं, मग पेटीत बघून आकडीने साप एका बाजूला सारायचा आणि पाण्याचं भांडं बदलायचं. झाकण उघडं असताना कार्ड वाचणाऱ्याशिवाय कुणी एक शब्द बोलायचा नाही. खोकलासुद्धा गिळायचा. कारण आवाजाने माणूस दचकतो, दचकला की मान हलते, आणि मान हलली की नाग थुंकतो. इतका सोपा हिशेब तीस वर्षांत कुणाला जमला नव्हता. न हलता उभं राहायचं हे सगळ्यांना ठाऊक होतं. पण हातभर अंतरावर फणा उभा राहिला की मान आपली आपण मागे जाते, तिला शहाणपण शिकवून उपयोग नसतो.

उस्तादची मानही रोज जायची. त्याच्या रांगेतली सर्वांत खाष्ट नागीण शेवटच्या पेटीत होती. तिचं नाव सासूबाई. पाणी बदललं तरी थुंकायची, नाही बदललं तरी थुंकायची. “हिला सून म्हणून आणखी कोण टिकणार?” म्हणत उस्ताद काच पुसत पुसत चहाचं आधण ठेवायचा.

डोळ्यांच्या बाबतीत मात्र तो थट्टा करत नसे. सुरुवातीच्या काळात अशा काचा नव्हत्या, मोटारसायकलवाल्यांचे चष्मे होते. एकदा चष्म्याच्या फटीतून थेंब डाव्या डोळ्यात गेला. कुणी मिरची वाटून डोळ्यात लिंपावी तसं वाटलं, म्हणे. दोघांनी त्याला नळाखाली धरलं आणि तो बैलासारखा ओरडत राहिला. पाच दिवस दोन्ही डोळ्यांवर पट्टी होती. ती सोडली तेव्हा समोर बायकोचं रडून सुजलेलं तोंड दिसलं, आणि लग्नानंतर पहिल्यांदाच त्याने तिला सुंदर म्हटलं. तेव्हापासून लोक दागिने जपतात तसे त्याने डोळे जपले. रोज संध्याकाळी गार पाण्याने धुवायचे, उन्हात टोपी, आणि काच तर अशी घट्ट की कपाळावर पट्ट्याचा वळच उठलेला. मरणाला तो भीत नव्हता. आंधळं होऊन कोपऱ्यात बसण्याच्या विचाराने मात्र तो जेवता जेवता ताटावरून उठायचा.

आणि असा हा माणूस, त्याची काच कोरडी राहू लागली.

आधी पाच नाग थांबले. म्हणजे हळूहळू कमी झाले आणि मग थांबलेच. त्याचं कुणाला फारसं नवल वाटलं नाही. जनावरं जुनी झाली, सरावली असतील. पण मग सासूबाई थांबली. एक दिवस, दोन दिवस, आठवडा. खिडकीपाशी काचा धरल्या की लेकीच्या काचेवर दोन-चार ठिपके असत, कारण पेट्या घासायला ती अधूनमधून त्याच्या रांगेतही जाई. डॉक्टरीणबाईंच्या काचेवर विष काढताना एखादा उडे. उस्तादची काच धुतल्यासारखी स्वच्छ. लेक चहा करून कंटाळली.

या खेळाचा पंच होता वजनवाला. काढलेलं विष वाळवून तोलायचं हे त्याचं काम. त्याच्या खोलीला सापघराच्या बाजूने एक मोठी खिडकी होती आणि तराजूवर कमी, खिडकीबाहेर जास्त अशी त्याची नजर असे. स्वतः कधी पेटीला हात लावायचा नाही, चहा मात्र पहिला त्याचा. बोलायला लागला की राईचा पर्वत करायचा, त्यामुळे त्याच्या बोलण्यातलं निम्मं सगळे तिथेच सोडून देत.

“उस्ताद, काय उभी राहते हो तुमच्यासमोर!” तो म्हणाला. “हनुवटीपर्यंत! हात जोडून उभी असल्यासारखी. तुम्ही आपलं कार्ड वाचताय, ती ऐकतेय. मी तर म्हणतो, तिने ओळखलंय तुम्हाला.”

“तुझं काहीतरीच,” उस्ताद हसला. हनुवटीपर्यंत! त्याला तर सासूबाई रोज पेटीच्या तळाशी वेटोळं घालून गपचूप पडलेली दिसायची. पण वजनवाल्याशी वाद घालण्यात काय अर्थ? आणि खरं सांगायचं तर, ओळखलंय हा शब्द त्याला आवडला होता. तीस वर्षं जिच्या जातीने तोंडावर थुंकून स्वागत केलं, ती आता शांत पडून राहते. माणसाने एवढ्यानेही फुगू नये तर कधी फुगावं?

पंधराव्या दिवशी दुसऱ्या विभागातले लोक खिडकीतून बघायला येऊ लागले. बघून झाल्यावर ते उस्तादशी जरा हळू आवाजात बोलत. झाडूवाली त्याच्या वाटेतून बाजूला सरू लागली. डॉक्टरीणबाई तेवढ्या म्हणाल्या, “साप माणूस ओळखत नाही, उस्ताद. काहीतरी दुसरं आहे. काच मात्र काढू नका.”

“काढतोय कशाला, बाई,” तो म्हणाला. पण त्याच दिवशी पहिल्यांदा त्याच्या मनात आलं की मधे काच नसताना एकदा तिच्याकडे बघावं.

एवढंच असतं तर बरं होतं. पण याच दिवसांत घरात काहीतरी सुरू झालं होतं, आणि ते त्याने कुणाला सांगितलं नव्हतं.

वस्तू जागा सोडू लागल्या होत्या. स्टूल कायम मोरीच्या दाराशी असायचं. ते आता वाटेत यायचं आणि त्याच्या नडगीवर आदळायचं. “कोण सरकवतं हे?” तो ओरडायचा. बायको म्हणायची, “अहो, लग्नापासून तिथेच आहे ते.” दाराच्या चौकटी अरुंद झाल्या होत्या, खांद्याला लागायच्या. माणसं चालत येईनाशी झाली. ती एकदम उगवायची. समोर भिंत असायची आणि पुढच्या क्षणी तिथे बायको उभी असायची, ताटासकट. कधी आली, कुठून आली, काही नाही. “मांजरीसारखी काय येतेस!” असं तो एकदा तिच्यावर खेकसला, आणि ती बांगड्या भरलेले हात पुढे करून बघतच राहिली. त्या बांगड्यांचा आवाज तर त्याने ऐकला होता.

रस्त्यावर त्याच्या बाजूने काहीतरी चालायचं. कधी डावीकडून, कधी उजवीकडून. वळून बघितलं की सायकलवाला असायचा, नाहीतर कुत्रं, आणि इतकं जवळ की अंगावर काटा यायचा. एवढ्या जवळ येईपर्यंत कळत कसं नाही? घराच्या जिन्यावर तर भर दुपारी त्याला वाटायचं की शेवटची पायरी कुणीतरी काढून घेतली आहे. तो पाय टाकायचा आणि पाय खाली जातच राहायचा.

शेजारची म्हातारी म्हणाली, “एवढी वर्षं सापांचं विष काढलंस बाबा. डूख धरतात ते.”

“डूख धरला असता तर थुंकली असती,” तो म्हणाला. “ती तर गप्प झाली.”

“तेच म्हणते मी,” म्हातारी म्हणाली आणि दार लावून घेतलं.

तो हसण्यावारी नेणार होता, पण हसू आलं नाही. शहाणा माणूस होता तो. भुताखेतांवर विश्वास नव्हता. पण सापघरातलं गप्प होणं आणि घरातलं सरकणं एकाच सुमारास सुरू झालं होतं, हे त्याच्या डोक्यातून जाईना. जणू सासूबाईने स्वतःचं थुंकणं बंद केलं आणि दुसरं काहीतरी त्याच्यामागे घरी पाठवलं. डोळ्यांवर शंका घ्यावी, असं मात्र त्याच्या ध्यानीमनी नव्हतं. सहा महिन्यांपूर्वीच सगळ्यांची तपासणी झाली होती. भिंतीवरच्या तक्त्यावरची शेवटची, मुंगीएवढी ओळ त्याने धडाधड वाचली होती आणि तपासणारा म्हणाला होता, “या वयात असे डोळे! दृष्ट काढा.” सुईत दोरा अजून तोच ओवायचा. हल्ली फक्त ओळी तुटायच्या. कार्ड वाचताना शब्दापुढचा शब्द शोधावा लागे. काचेला चरे पडलेत, नवी मागवायला हवी, असं त्याने ठरवून टाकलं होतं.

बाविसाव्या दिवशी जेवताना लेकीने विषय काढला. “बाबा, उद्या चहा तुम्ही करा हो. कायदा गेला चुलीत. वजनवाला म्हणतो आज सासूबाई तुमच्या हनुवटीला टेकेल इतकी उभी होती.”

“त्याचं काय ऐकतेस! ती उठतसुद्धा नाही आता,” उस्ताद म्हणाला. “ओल्या टॉवेलासारखी पडलेली असते तळाशी.”

“आज उठली नाही?”

“आज काय, महिना झाला असेल. पाणी वाढ जरा.”

लेकीने भांडं त्याच्या उजव्या हाताशी ठेवलं. त्याने हात पुढे केला, तो भांड्याला लागला आणि पाणी ताटात सांडलं. “इथे कशाला ठेवलंस?” तो म्हणाला. भांडं रोजच्याच जागी होतं. बायको फडकं घेऊन पुसू लागली. तिला सवय झाली होती. लेक मात्र जेवायची थांबली. वजनवाला थापाड्या खरा, पण खिडकीत त्याच्याबरोबर रोज दहा माणसं उभी असतात. दहाच्या दहा थापा मारतील? त्या रात्री तिला नीट झोप लागली नाही, आणि का लागली नाही हे तिला स्वतःलाही सांगता आलं नसतं.

दुसऱ्या दिवशी तिने आपली रांग लवकर आटोपली आणि काच न काढता ती उस्तादच्या रांगेच्या टोकाला भिंतीला पाठ लावून उभी राहिली. इथून तिला शेवटची पेटी बाजूने दिसत होती. खिडकीमागे वजनवाला आणि चार-पाच माणसं होती.

उस्तादने कडी काढली, झाकण वर केलं आणि कार्डाकडे बघून वाचायला सुरुवात केली. “पेटी सहा. मादी. वजन...”

सासूबाई उठली. आधी पेटीच्या काठावर तोंड आलं, मग मान, मग फणा उलगडला. ती वर येत राहिली, अगदी सावकाश, आणि त्याच्या हनुवटीसमोर येऊन थांबली. दोघांत एक वीत अंतर असेल. ती त्याच्या तोंडाकडे बघत होती. तो कार्डाकडे बघत होता. त्याच्या चेहऱ्यावरची एक रेघ हलली नाही. मन घट्ट करून उभ्या राहिलेल्या माणसाची मान ताठते, श्वास अडकतो. तीन वर्षांत तिने ते स्वतःच्या अंगात रोज अनुभवलं होतं. इथे तसं काही नव्हतं. रिकाम्या खोलीत उभ्या असलेल्या माणसासारखा तो आरामात उभा होता.

ओळखबिळख काही नव्हतं. त्याला ती दिसतच नव्हती. आणि हलत नाही त्याच्यावर ती थुंकत नव्हती. रोज वाचन संपेपर्यंत कंटाळून ती खाली बसत असणार, आणि मग पेटीत बघणाऱ्या उस्तादला नुसतं वेटोळं दिसत असणार.

 लेक काही करणार तेवढ्यात उस्ताद अडखळला. “वजन एक किलो... एक किलो...” कार्डावरचा पुढचा आकडा त्याला सापडेना. त्याने डोळे बारीक केले. मग डावा हात सावकाश वर नेला, पट्ट्याला धरलं आणि काच कपाळावर चढवली.

उघडं तोंड. उघडे डोळे. वीतभर अंतरावर फणा.

खिडकीमागे वजनवाल्याने दोन्ही हात तोंडावर दाबले. लेकीच्या घशात बाबा हा शब्द आला आणि तिने तो दातांखाली धरला. हाक मारली तर तो वळेल. वळला की संपलं. या खोलीत तीन वर्षं ज्या गोष्टीची तिला सर्वांत जास्त शिस्त लावली होती, तीच आता त्याच्या डोळ्यांच्या आणि आंधळेपणाच्या मधे उभी होती. गप्प राहून चालणार नव्हतं आणि बोलून तर मुळीच नाही.

“एक किलो तीनशे,” उस्तादला आकडा सापडला. त्या हाताच्या हालचालीने सासूबाई आज अजून उभीच होती, आणि आता तो पेटीत बघायला मान खाली घालणार होता.

ती भिंतीपासून सुटली, एका दमात पेटीच्या बाजूला आली, आपलं तोंड फण्याच्या रेषेत खुपसलं आणि वेड लागल्यासारखी मान डावीकडे-उजवीकडे झटकली. सासूबाई गर्रकन वळली. फस्स असा बारीक आवाज झाला आणि लेकीची काच डोळ्यांसमोर भरून गेली. दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा. तिने चाचपडत झाकण पकडलं, खाली दाबलं आणि अंगाचा भार त्याच्यावर टाकून कडी लावली.

“अगं!” उस्ताद दचकून मागे सरला. लेक त्याच्यासमोर एकदम उगवली होती, हल्ली सगळेच उगवतात तशी. “तू कुठून आलीस? आणि हे काय? तुझ्या काचेवर हे कुठून आलं? ती तर पडून होती!”

 लेकीने काच काढली आणि झाकणावर डोकं टेकून ती रडू लागली. मग त्या दाराच्या आत पहिल्यांदाच म्हणाली, “बाबा.”

त्याने तिला घरी पाठवलं नाही. नळाजवळच्या बाकावर दोघं बसले. डॉक्टरीणबाई धावत आल्या आणि दोघांकडे बघून दारातच थांबल्या.

“ती उभी होती?” त्याने विचारलं.

“हो.”

“किती?”

लेकीने हात त्याच्या हनुवटीपाशी आणला. हात दिसेपर्यंत त्याला मान खाली घालावी लागली, आणि ते दोघांच्याही लक्षात आलं.

“रोज?”

“रोज, बाबा.”

 तेवीस दिवस तो रोज सकाळी सासूबाईच्या तोंडासमोर तोंड धरून उभा होता आणि मनातल्या मनात फुगत होता.   इतकी भीती त्याला नळाखाली धरलं होतं तेव्हाही वाटली नव्हती.

डोळ्यांच्या डॉक्टरांनी त्याला एका यंत्रात हनुवटी ठेवायला लावली आणि हातात बटण दिलं. “मधल्या दिव्याकडे बघत राहा. आजूबाजूला बारीक दिवा लागला की बटण दाबा.” खोली काळोखी होती. यंत्र आतून टिक, टिक असा आवाज करत होतं. उस्तादने वाट बघितली. मधे दोन-तीन दिवे लागले, त्याने दाबलं. मग काहीच नाही. टिक, टिक, टिक. बराच वेळ झाला. शेवटी तो म्हणाला, “डॉक्टरसाहेब, तुमचं यंत्र बिघडलंय. दिवे लागतच नाहीत.”

 मग लेकीने त्याचा हात धरला. ती मागे उभी राहून पडद्यावर बघत होती. दिवे सगळीकडे लागत होते.

काचबिंदू होता. कागदावर डॉक्टरांनी दाखवलं: सगळं काळं, मधोमध बांगडीएवढं पांढरं. दुखत नाही, खुपत नाही, कडेकडेने येतो, म्हणाले. गेलेलं परत येत नाही. रोज औषध घातलं तर उरलेलं बरंचसं टिकवता येईल. उस्ताद त्या पांढऱ्या गोलाकडे बघत राहिला. तीस वर्षं त्याने समोरच्या दाराला कुलपं घातली आणि चोर बाजूच्या भिंतीतून आला होता. जिन्यावरची पायरी, मोरीजवळचं स्टूल, बायको, सायकलवाला, सगळ्यांना त्याने उगाच बोल लावला होता. घरात काहीच सरकलं नव्हतं. घरी गेल्यावर त्याने बायकोला हे सांगितलं, आणि रोजच्या कटकटीला कंटाळून स्टूल उचलून फेकायला निघालेली ती माउली स्टुलावरच बसून राहिली.

सापघरातून त्याला काढलं नाही, पण आकडी काढून घेतली. ती लेकीला मिळाली. त्याला नव्यांना शिकवायचं काम दिलं. शेवटच्या सकाळी त्याने डॉक्टरीणबाईंकडे एकच मागणं केलं: सहाव्या पेटीचं पाणी मला बदलू द्या. बाईंनी त्याची काच स्वतःच्या हाताने आवळली, दोनदा ओढून बघितली आणि मग हो म्हणाल्या. लेक शेजारी उभी राहिली.

त्याने कडी काढली, झाकण उचललं. कार्ड वाचलं नाही. डॉक्टरांनी शिकवलं होतं तसं, जे दिसत नाही ते बघायला आता नुसते डोळे न फिरवता मान फिरवायची. त्याने मान खाली वळवली, आणि बांगडीएवढ्या उजेडात ती आली. नुसता फणा. दोन काळे डोळे. काठोकाठ, दुसऱ्या कशालाही जागा न ठेवता. एवढी जवळ. रोज एवढी जवळ होती.

त्याची मान आपली आपण मागे गेली.

फस्स. काच दोन्ही डोळ्यांसमोर भरली. लेकीने झटकन झाकण लावलं.  उस्तादच्या काचेवर आतून वाफ धरली होती, आणि तो हसतोय की रडतोय हे वजनवाल्याला खिडकीतून कळेना.

खिडकीपाशी काचा उजेडात धरल्या. वजनवाल्याने मोजायला बोट उचललं, उस्तादच्या काचेपाशी नेलं आणि न मोजताच खाली घेतलं.

“उस्ताद,” तो म्हणाला.

“कळलं, कळलं,” उस्ताद म्हणाला आणि एक हात भिंतीला लावून चहाचं आधण ठेवायला गेला.